झुलालनानांचं फोनमधलं शेत

पडदा वर जातो तेव्हा समोर एक खाट, एक माठ, खिळ्याला अडकवलेली छत्री आणि खाटेवर पाय वर घेऊन बसलेला एक म्हातारा. स्थळ, धुळ्याचं देवपूर, पांझरेकडे उतरणाऱ्या गल्लीतली एक पत्र्याची खोली. वेळ संध्याकाळची. शाळेची मुलं घरी गेली आहेत आणि गल्ली पुन्हा गप्प झाली आहे. म्हाताऱ्याच्या हातात फोन आहे. फोन त्याने असा धरलाय की जणू ताटलीतून निखारा नेतोय. तो एक बोट काचेवर टेकवतो, थांबतो आणि हसतो. प्रेक्षकांत मी एकटी. माझी खोली बरोबर समोर आहे आणि आमची दोघांची दारं दिवसभर उघडी असतात.

हा झुलाल. गल्ली त्याला नाना म्हणते, मी झुलालभाऊ म्हणते. तो मला अक्का म्हणतो, वयाने माझ्याहून मोठा असून. मी फडात नाचले, गायले, वगात राण्या केल्या, राक्षसिणी केल्या, आणि झुलालने पडदा ओढला. आयुष्यभर पडदाच ओढला. दोरी धरून उभ्या उभ्या त्याने आमची सगळी लग्नं आणि सगळे मृत्यू पाहिले, पण प्रेक्षकांनी त्याला कधी पाहिलं नाही. एकवीरेच्या यात्रेत एकदा माझा पाय मुरगळला आणि मी बोलता बोलता खाली बसले. झुलालने पडदा इतका हळू सोडला की लोकांना वाटलं राणीला मूर्च्छा आली. टाळ्या पडल्या. टाळ्या माझ्या झाल्या. मी त्याला तेव्हा म्हटलं, अर्ध्या तुझ्या. तो म्हणाला, ठेवू कुठे?

फड हलायचा तेव्हा पेटारे त्याच्या ताब्यात असत. प्रत्येक पेटाऱ्याच्या झाकणावर चित्र काढलेलं. मोर असला तर आत शालू, तलवार असली तर हत्यारं, चंद्र असला तर रंगाचं सामान. नव्या गावी गाडी थांबली की झुलाल झाकणांवरची चित्रं बघत फिरायचा. सगळी चित्रं दिसली की झालं, मुक्काम हलला. झाकणं उघडायची ती संध्याकाळी, नारळ फुटल्यावर. आणि मागच्या मुक्कामावर सुतळीचा तुकडासुद्धा ठेवायचा नाही, ठेवला तर पुढचा खेळ पडतो, अशी आमची समजूत. आज हसू येतं, पण तेव्हा मीसुद्धा शेणाने सारवलेल्या जागेवर वाकून विसरलेली टाचणी शोधलेली आहे.

झुलालची बायको लवकर गेली. एक मुलगा, ललित. एमआयडीसीत कामाला होता. त्याची बायको दिपमाला, बोदवडची. त्यांची मुलगी सोनल. या खोलीत तेव्हा पाय ठेवायला जागा नव्हती आणि आवाज तर माझ्या चुलीपर्यंत यायचे. मग ललितचं आणि दिपमालेचं बिनसलं. का बिनसलं ते मी सांगणार नाही. दोघांचंही मी ऐकलेलं आहे आणि दोघंही खरं बोलत होती. समाजाची बैठक बसली. पोरगी आईकडे राहील असं ठरलं. नवराबायकोचा निकाल लागेपर्यंत इकडून कोणी फोन करायचा नाही, पोरीच्या मनावर ओझं नको, असंही ठरलं. झुलालने पंचांसमोर शब्द दिला. दिपमाला सोनलला घेऊन माहेरी गेली, ललित कामासाठी गुजरातेत गेला, आणि खोलीत राहिला तो झुलाल. निकाल काही लागला नाही. असले निकाल लागत नसतात, ते वाळत जातात.

जाण्याच्या आधी सोनलने एक काम केलं होतं. चौथीत होती पोर. तिने आजोबाच्या फोनमध्ये शेतीचा एक खेळ टाकून दिला होता. तसाच आईच्या फोनमध्येही. वाफे करायचे, बी टाकायचं, पाणी घालायचं, पीक काढायचं. दोन शेतं एकमेकांना जोडून दिली की एकाला दुसऱ्याच्या शेतात जाता येतं. बोलता येत नाही, लिहिता येत नाही. फक्त शेजाऱ्याच्या वाफ्याला पाणी घालता येतं. मग त्याच्या फाटकाजवळ निळे थेंब दिसतात आणि थेंबांशेजारी पाणी घालणाऱ्याचं चित्र. सोनलचं चित्र होतं लाल रिबिनीचा ससा.

झुलालला इंग्रजी येत नाही. चित्रं कळतात.

तर रोज संध्याकाळी फाटकाजवळ थेंब आणि ससा. झुलाल ते बघून हसायचा, मग ससोबाच्या शेतात जाऊन आपण पाणी घालायचा. आजोबा-नातीची एवढीच भेट. मी एकदा विचारलं, बैठकीतल्या शब्दाचं काय? तर अगदी गंभीर चेहऱ्याने म्हणाला की फोन करायचा नाही असं ठरलं होतं, पाणी घालायचं नाही असं कोणी म्हटलं नव्हतं.

शेतात त्याने वांगी लावली होती. नुसती वांगी. खेळ त्याला सांगत असे की मका लाव, गाजर लाव, कोंबड्या पाळ, पण हा बाबा जांभळ्या वांग्यांच्या ओळींवर ओळी लावत गेला, कारण सोनलला भरीत आवडायचं. कोपऱ्यावरच्या मोबाईलच्या दुकानातला कुंदन त्याची टर उडवायचा. नाना, एवढी वांगी, आता कळण्याच्या भाकरीचा पण खेळ टाकून देऊ का? झुलाल म्हणायचा, टाक, पण तेल तुझं.

एखाद्या संध्याकाळी थेंब दिसले नाहीत की तो माझ्या दारात येऊन उभा राहायचा. परीक्षा असेल, मी म्हणायचे. ताप आला असेल, तो म्हणायचा. लाईट गेली असेल, मी म्हणायचे. बोदवडला लाईट जाते का याची तो मग रस्त्यावरच्या माणसांकडे चौकशी करायचा. दुसऱ्या दिवशी ससा यायचा आणि हा गल्लीभर चहा सांगायचा.

असं तीन वर्षं चाललं. मग फोन फुगला.

बॅटरी पापडासारखी फुगून फोनचं मागचं झाकण उघडं पडलं. कुंदनने हात लावायला नकार दिला. ललितला कसं कळलं कोण जाणे, बहुतेक कुंदननेच कळवलं असेल, पण त्याने आपला वापरलेला एक चांगला फोन धुळ्याला येणाऱ्या कोणाजवळ तरी पाठवला. सोबत चिठ्ठी नाही, निरोप नाही. बापलेकांचं हे असंच आहे. दोघंही पडद्यामागची माणसं.

कुंदनने दोन्ही फोन शेजारी ठेवले आणि एकातलं दुसऱ्यात पाठवलं. नंबर गेले, फोटो गेले, खेळ गेला. खेळ कुठल्या खात्याला जोडलेला आहे का, असं त्याने विचारलं होतं. झुलालने हो म्हटलं. सोनलशी जोडलेला आहे हे त्याला माहीत होतं, जोडलेला म्हणजे जोडलेला. कुंदनच्या टेबलाशी गर्दी होती. त्यानेही पुढे विचारलं नाही. जुना फोन चार दिवस असू द्या नाना, एवढं मात्र तो म्हणाला होता.

झुलाल घरी आला. खाटेवर बसून नव्या फोनवरची चित्रं त्याने एकेक करून बघितली. फोनचं चित्र, फोटोंचं चित्र, शेताच्या खेळाचं चित्र, तेच हिरवं फाटक. मला हाक मारून दाखवलं. त्याच्या तोंडावर फडाच्या दिवसांतला आनंद होता.

"बठ्ठा पेटारा उनात, अक्का."

सगळे पेटारे आले. मीही बघितलं आणि मान डोलावली. झाकण उघडून बघ, असं मलाही सुचलं नाही. दुपारची वेळ होती, तो शेत संध्याकाळीच उघडायचा. आणि तेवढ्यात गल्लीतून बेबाबाई आली. डोक्यावर पाटी, कमरेला छोटा कर्णा. मोडके मोबाईल द्या, भांडी घ्या, असं तो कर्णा तिच्याच आवाजात ओरडत असतो आणि ती स्वतः गप्प चालते. झुलालने जुना फोन तिला देऊन टाकला. मागच्या मुक्कामावर काही ठेवायचं नाही. बदल्यात काही नको म्हणत होता, पण बेबाबाई फुकट घेणारी नाही. एक निळं टमरेल ठेवून गेली.

संध्याकाळी त्याने हिरव्या फाटकावर बोट टेकवलं. आत मोकळी माती होती. एक वाफा, एक टोपीवाला माणूस, आणि तो टोपीवाला वाकून काहीतरी इंग्रजीत सांगत होता. झुलालला वाटलं शेत मागून येतंय, सामानाची दुसरी गाडी मागे असते तसं. तो वाट बघत बसला. मी भाकरी थापत होते. वर बघितलं तर तो उंबऱ्यात उभा.

"अक्का, शेत गयं."

सकाळी आम्ही कुंदनकडे गेलो. कुंदनचा चेहरा उतरला. त्याने आम्हाला समजावून सांगितलं ते असं. खेळ खात्याला जोडला असता तर शेत कुठूनही उघडता आलं असतं. झुलालचं शेत पाहुण्यासारखं उतरलेलं होतं, त्याच एका फोनमध्ये. नव्या फोनमध्ये आला तो नुसता खेळ. शेत जुन्या फोनमध्येच राहिलं. तो फोन आणा, अजूनही काढता येईल.

कुंदन दुकान बंद करून बरोबर आला. बेबाबाईला शोधायला दुपार झाली. ती भली बाई आमच्याबरोबर पाटी घेऊन चालत आली, कारण तिने तो फोन सकाळीच भंगारवाल्या भाईदासला दिला होता. भाईदास मांडी घालून बसला होता. समोर उघडलेल्या फोनांचा ढीग, पाठी एकीकडे, काचा एकीकडे. फुगलेल्या बॅटऱ्या त्याने भीतीने दूर वाळूच्या टोपल्यात टाकल्या होत्या. झुलालचा फोन त्याने सोलून टाकला होता. आतला हिरवा पत्रा ठोकून वेगळा केलेला. कुंदनने तो हातात घेऊन उलटसुलट केला आणि परत ठेवला. भाईदासला काय झालं ते कळेना. त्याने आम्हाला पाणी दिलं.

कुंदनने शेवटचा उपाय म्हणून खेळवाल्या कंपनीला लिहिलं. उत्तर आलं की खेळात पूर्वी काही विकत घेतलं असेल तर त्याची पावती पाठवा, म्हणजे शेत शोधू. झुलालने काही विकत घेतलं नव्हतं. त्याने नुसती वांगी लावली होती. त्यामुळे ते शेत त्याचं होतं याला जगात कुठे पुरावा नव्हता.

त्या दिवसांत समोरचं दार उघडं असायचं, पण माणूस दिसत नसे. मी जेवण नेऊन ठेवायचे आणि तसंच परत आणायचे. मी त्याला म्हटलं, अरे, नवं शेत कर, पुन्हा वांगी लाव. तेव्हा त्याने मला खरं काय ते सांगितलं. त्याला वांग्यांचं दुःख नव्हतं. सोनल रोज येऊन पाणी घालत असणार, जुन्या शेतात, आणि तिच्या शेताला आजोबाचं पाणी येत नसणार. तिला एकच गोष्ट वाटेल. नाना मेला. किंवा त्याहून वाईट, नाना रागावला.

नवं शेत त्याने केलं होतं. पण ते कुणाला जोडलेलं नव्हतं. जोडायचं तर नव्या शेताची सहा अक्षरांची खूण पोरीच्या फोनमध्ये टाकावी लागते, असं कुंदन म्हणाला. आणि ती खूण तिला सांगणार कशी? फोन करायचा नाही, शब्द दिलेला.

मी लुगडं बदललं, पिशवीत डबा घेतला आणि त्याच्या दारात जाऊन म्हटलं, "फोन नाही करायचा असंच ठरलंय ना? मग आपण गाडीने जाऊ."

धुळ्याहून चाळीसगाव, चाळीसगावहून गाडी बदलून भुसावळच्या पुढे बोदवड. ती खूण मी वाटेत पाठ केली. आर, सात, क्यू, दोन, दोन, एम. झुलालला इंग्रजी अक्षरांची भीती, तो म्हणाला पाठांतराचं काम तुमचं. मीही पूर्वी लावणी घोकायचे तशी घोकली, ठेक्यावर, आणि समोरच्या बाकावरची एक बाई म्हणाली, आजी कुठला मंत्र म्हणताय? शेताला पाणी लागायचा, मी म्हटलं. तिने मनापासून हात जोडले. झुलाल हसला नाही. तो खिडकीतून केळीचे मळे बघत होता, आणि मध्येच विचारी, पोरगी आता किती उंच झाली असेल, दाराच्या कडीएवढी? कडीच्या वर, मी म्हणायचे. तो मनात कडी वर करायचा.

दिपमालेचं घर सापडायला वेळ लागला नाही. ती नुकतीच जिनिंगवरून आली होती, कापसाच्या वजनकाट्यावर बसते ती आता, केसांत पांढऱ्या कापसाचे धागे अडकलेले. दार उघडून आमच्याकडे बघत राहिली. मग झुलालच्या पाया पडली, आणि पडून उठली ती डोळे पुसतच. मला वाटलं आता बैठक आठवेल, जुनं निघेल. पण ती पहिलं वाक्य बोलली ते वेगळंच.

"तुमचं शेत ओस पडलं होतं, नाना. मला वाटलं, तुम्हाला काही झालं."

झुलालला समजलं नाही. मला समजलं, कारण नाटकात असे प्रवेश मी केलेले आहेत. तिने आम्हाला आत घेतलं, पाणी दिलं, सतरंजी घातली, आणि खाली बघत सांगितलं. सोनलने तो खेळ कधीच सोडला होता. पाचवीत गेली तेव्हाच. खेळ राहिला आईच्या फोनमध्ये. एका संध्याकाळी दिपमालेने सहज उघडला तर तिच्या फाटकापाशी थेंब होते. नाना रोज येऊन पाणी घालून जात होते आणि त्यांच्या शेताला कोणी घालत नव्हतं. तिला ते बरं वाटेना. तिने घातलं. दुसऱ्या दिवशीही घातलं. मग कामावरून आल्यावर चपला काढल्या की आधी तेच.

"सोनल क्लासला, आई-बाबा देवळात. घरात आल्यावर मला तरी कोण होतं, नाना," ती म्हणाली. "मी ससा बदलला नाही. बदलला असता तर तुम्हाला कळलं असतं."

झुलालने पाणी पिऊन भांडं खाली ठेवलं. पडदा ओढणाऱ्याला कुठे थांबायचं ते बरोबर कळतं. मग त्याने माझ्याकडे बघून मान हलवली, म्हणजे अक्का, खूण सांगा. मी सांगितली. फडात शेवटच्या रांगेपर्यंत पोचेल अशा आवाजात, प्रत्येक अक्षर सुटं करून. दिपमालेने तिच्या फोनवर ते एकेक टाकलं. तिच्या काचेवर झुलालचं नवं शेत उघडलं. एकच वाफा. तिने त्यावर बोट टेकवलं. झुलालच्या खिशातल्या फोनने बारीक आवाज केला, आणि त्याने तो काढून बघितलाही नाही. तो तिच्या केसांतला कापूस बघत होता. ती गॅस पेटवायला उठली.

तेवढ्यात सोनल आली. दप्तर पाठीवर, सायकलची किल्ली बोटात फिरवत. दाराच्या कडीच्या खूपच वर होती पोरगी. क्षणभर ओळख लागली नाही, मग लागली, मग ती संकोचली. पाया पडली. झुलालने तिच्या डोक्यावर हात ठेवला तो ठेवूनच राहिला. तिला किल्लीचं काय करावं सुचेना. शाळा कशी आहे, तो म्हणाला. चांगली आहे, ती म्हणाली. कितवीत? सातवीत. झुलालला माहीत होतं कितवीत ते. मी डब्यातल्या करंज्या पुढे केल्या, तिने एक घेतली, थँक्यू म्हणाली. स्वयंपाकघराच्या दारात दिपमाला चहाचं भांडं धरून उभी होती.

काहीतरी बोलायचं म्हणून सोनलने आजोबाच्या खिशातून डोकावणाऱ्या फोनकडे बघितलं आणि हसली. तिला आठवलं. आधी हसू आलं, आणि मग त्या हसण्यात एकदम काळजी आली. पोर चांगली आहे. आपण काही विसरलो आणि कोणी तिकडे बसून राहिलं तर नाही, असं तिच्या मनात आलं असणार.

"नाना," तिने विचारलं, "तुम्ही अजून तो शेताचा खेळ खेळता?"

झुलालने फोन खिशात खोल सारला. दिपमालेकडे बघितलं, मग नातीकडे.

"नही वं माय," तो म्हणाला. "मी बी कवयच सोडी दिधा."